घरची काकडी कडू का निघते? नाशिकच्या गच्चीवर आणि परसात गोड काकडी काढायची रीत

एप्रिल लागला की ओळखीतल्या दोघा-चौघांचा तरी हाच निरोप येतो. वेल छान पसरला, काकड्याही लागल्या, पण तोंडात घालवत नाहीत. मग विचारतात, टोक जास्त वेळ घासू का, मिठाच्या पाण्यात ठेवू का, साल जाड काढू का? हे सगळे उपाय काकडी तोडल्यानंतरचे आहेत. कडूपणा मात्र तोडणीच्या आठ-दहा दिवस आधीच फळात उतरलेला असतो. म्हणून काम कुंडीपाशी करायचं असतं आणि तेही ठरलेल्या क्रमाने. गंगापूर रोडजवळच्या आमच्या गच्चीवर मी काही वर्षं काकडी लावतोय. सगळ्यांच्या हातून त्याच त्या चुका होताना दिसतात, म्हणून हे पहिल्यापासून लिहितोय.

## आधी एवढं समजून घ्या

काकडीच्या वेलात क्युकरबिटासिन नावाची कडू द्रव्यं तयार होतात. किडी आणि जनावरांपासून वाचण्यासाठी वेलाने केलेली ही सोय आहे. पानं, देठ आणि मुळं यांत ती कायम असतात. चांगल्या वाणाच्या फळात एरवी ती नगण्य असतात. वेलावर ताण आला की फळातही उतरतात, आणि तीही सगळीकडे सारखी नाही. देठाकडच्या टोकाला आणि सालीच्या लगेच खाली जास्त, तर फुलाकडच्या टोकाला सगळ्यात कमी.

२०१४ साली चिनी शास्त्रज्ञांच्या नेतृत्वाखालच्या एका गटाने या कडूपणामागची नऊ जनुकं उलगडून दाखवली. हा कडूपणा चालू-बंद करणारी दोन बटणंही त्यांना सापडली, एक पानांसाठी आणि दुसरं फळांसाठी. हजारो वर्षं गोड फळाचंच बी धरत आल्यामुळे आपल्या लागवडीच्या काकडीत फळाचं बटण जवळपास बंद असतं. पाण्याचा किंवा थंडीचा ताण ते परत चालू करू शकतो.

डाळिंबाला बहार धरायचा तर बागेला ताण द्यावा लागतो, म्हणजे काही दिवस पाणी तोडावं लागतं, हे नाशिककडच्या माणसाला वेगळं सांगायला नको. काकडीचं गणित याच्या उलट आहे. तिला ताण सोसतच नाही.

तीन गैरसमज इथेच बाजूला ठेवा.

शेजारी कारलं लावलं म्हणून काकडी कडू झाली, असं खूप जण मानतात. कारलं काकडीच्याच कुळातलं असलं तरी त्याची जात वेगळी आहे आणि काकडीशी त्याचा संकर होतच नाही. दोडका, दुधी, खरबूज यांच्याशीही होत नाही.

दुसऱ्या वाणाच्या काकडीचा पराग पडला तर या वर्षीच्या फळाची चव बदलत नाही. फळाचा गर आईवेलाचा असतो. फरक बियांत पडतो आणि तो पुढच्या वर्षी दिसतो.

उन्हाने काकडी कडू होते, हे अर्धंच खरं आहे. मुळाशी ओल टिकली असेल तर वेल बऱ्यापैकी ऊन सोसतो. ऊन आणि कोरडी माती एकत्र आली की कडूपणा येतो.

## टप्पा १: वेळ धरा

नाशिकला काकडीचे दोन हंगाम नीट जमतात.

उन्हाळी लागवड फेब्रुवारीच्या पहिल्या-दुसऱ्या आठवड्यात करा. लोक संक्रांत झाली की लगेच बी टोचतात. त्या सुमाराला रात्री अजून गार असतात. निफाडला तर थंडीच्या लाटेत पारा ५-६ अंशांपर्यंत उतरतो. अशा थंडीत बी कुजतं, किंवा उगवून महिनाभर तसंच खुरटून बसतं. काकडीच्या बियाला माती २० अंशांच्या वर लागते. जानेवारीतच लावायची असेल तर रोपं घरात, खिडकीपाशी करा.

पावसाळी लागवड जूनमध्ये, पहिले दोन-तीन चांगले पाऊस झाल्यावर. पहिल्यांदाच काकडी लावत असाल तर हाच हंगाम धरा. हवा दमट, ऊन बेताचं आणि दिवस-रात्रीच्या तापमानात फरक कमी असतो, त्यामुळे पाण्याची चूक झाली तरी थोडीफार सांभाळली जाते. मात्र इगतपुरी, त्र्यंबकेश्वरकडे जुलैचा पाऊस वेलाला झोपू देत नाही. तिकडे वरून प्लास्टिकचा आडोसा हवा.

सावधान: मार्चअखेरीस लावलेल्या काकडीला फळं नेमकी मेच्या भाजणाऱ्या दिवसांत लागतात. नाशिकात सर्वात जास्त कडू काकड्या मला याच लागवडीत मिळाल्यात. उशीर झाला असेल तर थांबा आणि जूनला लावा.

## टप्पा २: बी निवडा

राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठाचे हिमांगी आणि फुले शुभांगी हे वाण आपल्या हवेला सरावलेले आहेत. पूना खिरा हा जुना, भरवशाचा वाण. गच्चीवर मधमाश्या फारशा फिरकत नसतील तर परागीभवनाशिवाय फळ धरणारे पॉलिहाउसचे वाण मिळतात. त्यांच्या पाकिटावर ‘पार्थेनोकार्पिक’ असं लिहिलेलं असतं. बी महाग असतं, पण चार कुंड्यांना चार बियाच लागतात.

काही संकरित वाणांत पानांतलाही कडूपणा काढून टाकलेला असतो. अशा वेलाला ताण बसला तरी फळ कडू होत नाही. गंमत अशी की अशा वेलावर लाल कोळी (पानांतला रस शोषणारी बारीक कीड) जास्त रमतो, कारण त्याला अडवणारं कडू द्रव्यच पानात नसतं. दर वाणात अशी काहीतरी देवघेव असतेच.

बाजारातून आणलेल्या काकडीचं बी सुकवून लावू नका. ती संकरित असेल तर पुढच्या पिढीत काय निघेल ते सांगता येत नाही. आणि आपण खातो त्या कोवळ्या काकडीतलं बी तयारही झालेलं नसतं.

वाळूक लावणाऱ्यांसाठी एक गोष्ट. दिसायला आणि खायला जवळचं असलं तरी वाळूक हे खरबुजाच्या जातीतलं आहे. पाण्याची आणि चव बघण्याची काळजी तीच घ्यायची.

## टप्पा ३: कुंडी आणि माती

कुंडी किंवा ग्रो बॅग किमान १५ इंच रुंद आणि तितकीच खोल हवी. एका कुंडीत एकच वेल. लोक १० इंचांच्या कुंडीत तीन रोपं ठेवतात आणि तीनही वेल दुपारी बारालाच माना टाकतात. लहान कुंडीत पाण्याचा साठाच नसतो, मग तुम्ही कितीही मन लावून पाणी घाला.

मातीचं खरं दुखणं आपल्याकडे वेगळं आहे. कुणीतरी गावाकडून गोणीभर काळी माती आणतं आणि ती तशीच कुंडीत भरतं. काळी माती सुकली की आक्रसते. कुंडीच्या काठापासून ती बोटभर सुटते आणि मध्ये भेगा पडतात. आता वरून तांब्याभर पाणी घाला आणि नीट बघत राहा. पाणी भेगेतून आणि काठावरून सरळ खाली जातं आणि दहा सेकंदांत तळाच्या भोकातून बाहेर येतं. आपल्याला वाटतं, कुंडी भिजली. मधला गोळा मात्र आत कोरडा ठणठणीत राहतो आणि मुळं नेमकी तिथेच असतात. रोज पाणी घालूनही काकडी कडू होते अशी तक्रार आली की मी पहिल्यांदा कुंडीचा काठ बघायला सांगतो.

मिश्रण असं करा:

- माती ४ भाग (काळी असेल तर २ भाग काळी आणि २ भाग लाल किंवा पोयट्याची)
- जुनं, चांगलं कुजलेलं शेणखत किंवा गांडूळखत ३ भाग
- धुऊन भिजवलेलं कोकोपीट ३ भाग
- दर कुंडीला मूठभर निंबोळी पेंड

कुंडी काठापासून दोन इंच रिकामी ठेवा. पाणी साचून मुरायला तेवढी जागा लागते. भरल्यावर दोन-तीन वेळा पाणी देऊन आठवडाभर मुरू द्या, मग पेरा.

सावधान: ताजं शेण चालत नाही. ते कुंडीत तापतं आणि कोवळी मुळं जाळतं. हाताला ऊब लागत असेल किंवा वास येत असेल तर अजून महिनाभर थांबा.

परसात लावणार असाल तर दीड फूट खोल खणा, घमेलंभर खत मिसळा आणि पावसाळी लागवड गादीवाफ्यावरच, म्हणजे उंच केलेल्या वाफ्यावरच करा. काळ्या जमिनीत साचलेलं पाणी मुळं गुदमरवतं. गुदमरलेलं मूळ पाणी ओढू शकत नाही, त्यामुळे पाण्यात उभं राहूनही वेल तहानलेलाच राहतो.

## टप्पा ४: पेरणी

बी रात्रभर पाण्यात भिजवा. सकाळी पाऊण इंच खोल, एका जागी दोन बिया टोचा. उन्हाळ्याच्या तोंडाला चार ते सहा दिवसांत उगवतं. पहिल्या जाड पानांनंतरची दोन खरी पानं आली की जोमदार रोप ठेवून दुसरं कात्रीने कापा. उपटलंत तर राहिलेल्याची मुळंही हलतात. काकडीला मूळ हललेलं चालत नाही. म्हणून ट्रेमधून लावताना मातीच्या गोळ्यासकट लावा आणि दोन खरी पानं असतानाच लावा.

तपासा: उगवल्यावर पहिली जी दोन जाड पानं येतात, त्यातल्या एकाचा नखाएवढा तुकडा चावून बघा आणि थुंका. कडू लागला तर घाबरून रोप उपटू नका. बहुतेक सगळ्या देशी वाणांची ही पानं कडूच असतात, आणि त्यांची फळं नीट पाण्यावर गोड निघतात. अजिबात कडू लागलं नाही तर तुमच्या हाती आधी सांगितलेला बिनकडू वाण आलाय, एवढाच त्याचा अर्थ.

## टप्पा ५: मांडव, सावली, आच्छादन

ही तिन्ही कामं फूल दिसायच्या आत उरकायला हवीत. वेल पसरल्यावर मांडव करायला गेलं की देठ मोडतात.

पाच-सहा फूट उंचीची जाळी किंवा सुतळ्या पुरतात. वेल वर चढला की खाली हवा खेळते आणि फळं सरळ, स्वच्छ लोंबतात.

सावलीसाठी ५० टक्क्यांचं हिरवं शेडनेट एप्रिल-मेमध्ये दुपारी बारा ते चार एवढ्यापुरतं घाला. सकाळचं ऊन पूर्ण मिळू द्या. दिवसभर सावलीत ठेवलेला वेल नुसता लांबतो आणि फळं धरत नाही. गच्चीवर पश्चिमेकडचं ऊन सर्वात जाचक असतं. तिकडे एक पडदा लावला तरी पुष्कळ काम होतं.

आच्छादन मात्र टाळूच नका. उसाचं पाचट, भाताचा पेंढा, गव्हाचा भुसा, नाहीतर रस्त्याकडेचा वाळलेला पाला, जे मिळेल त्याचा दोन-तीन इंचांचा थर मातीवर पसरा. देठाभोवती बोटभर जागा मोकळी सोडा. द्राक्षबागेत किंवा टोमॅटोच्या सरीवर मल्चिंग करणारा शेतकरी घरामागच्या चार काकड्या उघड्या मातीत ठेवतो, याचं मला दरवेळी वाईट वाटतं. कुंडीची बाहेरची बाजूही तापते. काळ्या प्लास्टिकची कुंडी असेल तर तिला गोणपाट गुंडाळा, किंवा एकीच्या सावलीत दुसरी अशा कुंड्या चिकटवून ठेवा.

## टप्पा ६: पाणी

कडूपणाचा बहुतांश हिशेब इथे ठरतो, म्हणून हा टप्पा दोनदा वाचा.

काकडीच्या फळात ९५ टक्क्यांच्या आसपास पाणीच असतं आणि तिची मुळं उथळ असतात. साहजिकच पाणी तुटलं की सगळ्यात आधी तिला कळतं. पण एकूण किती पाणी दिलं यापेक्षा ते किती सारखं दिलं, याला जास्त महत्त्व आहे. आज दोन बादल्या, उद्या सुट्टी, परवा पुन्हा दोन बादल्या, असं केलं तर काकडी हमखास बिघडते.

शेतकऱ्याकडे यासाठी नेमका शब्द आहे, वाफसा. मूठभर माती दाबली की तिचा गोळा व्हावा, अंगठ्याने ढकलला की फुटावा, आणि दाबताना बोटांतून पाणी गळू नये. पेरणीपासून शेवटच्या तोडणीपर्यंत कुंडी याच अवस्थेत राहायला हवी.

आमच्या गच्चीवर १५ इंचांच्या कुंडीचा, फळं लागलेल्या वेलाचा हिशेब साधारण असा असतो: फेब्रुवारीत दिवसाला एक लिटर, मार्चमध्ये दोन, एप्रिल-मेमध्ये तीन ते चार. मार्चपासून तेच पाणी दोन पाळ्यांत द्यायचं, सकाळी सातच्या आत आणि संध्याकाळी सहानंतर. तुमची कुंडी, वारा, ऊन वेगळं असणार, म्हणून आकड्यांपेक्षा खालच्या तीन खुणांवर भरवसा ठेवा.

बोट: आच्छादन बाजूला करून बोट दोन पेरं मातीत घाला. टोकाला गार ओल लागली तर ठीक. वरचा थर कोरडा दिसतो म्हणून पाणी घालू नका, आणि वरून ओला दिसतो म्हणून थांबूही नका.

वजन: पाणी दिल्यावर लगेच कुंडी एका बाजूने थोडी उचलून बघा. दुसऱ्या दिवशी सकाळी पुन्हा उचला. चार-पाच दिवसांत हाताला फरक कळू लागतो.

पानं: दुपारी दोनला पानं थोडी लोंबली आणि ऊन उतरताच सावरली, तर फार काळजी नाही. सकाळी आठला पानं लोंबलेली असतील तर मुळाशी गडबड आहे. आधी बोट घालून बघा. माती कोरडी असेल तर पाणी द्या. माती चिखल असेल तर पाणी थांबवा आणि तळाची भोकं मोकळी करा. न बघता पाणी ओतणं ही इथली सर्वात महागात पडणारी चूक आहे.

कुंडी पूर्ण सुकून माती काठापासून सुटली असेल, तर एकदम पाणी ओतू नका. काडीने वरची माती हलकेच मोकळी करा, काठाच्या फटी बुजवा, तांब्याभर पाणी घाला, पंधरा मिनिटं थांबा, मग पुन्हा तेवढंच घाला. तीन-चार वेळा केल्यावर मधला गोळा भिजतो. लहान कुंडी असेल तर पाण्याच्या टबात अर्धा तास ठेवणं उत्तम.

सावधान: उन्हाळ्यात गच्चीवर पडलेल्या पाइपातलं पहिलं पाणी चटका बसेल इतकं तापलेलं असतं. टाकीतलंही दुपारी कोमट असतं. आधी बादलीत सोडा, हात घालून बघा, मगच वेलाला द्या.

आता बाहेरगावी जाण्याचा प्रश्न. एका एप्रिलमध्ये लग्नासाठी आम्ही चार दिवस येवल्याला होतो. निघताना कुंड्या तुडुंब भरल्या होत्या. परतलो तेव्हा वेल चिंधीसारखा लोंबत होता. पाणी दिलं, संध्याकाळपर्यंत पानं उभी राहिली आणि मला वाटलं, निभावलं. त्या दिवशी दोन काकड्या तोडल्या, दोन्ही कडू. पुढच्या आठवड्यात सहा तोडल्या, दिसायला सुरेख, त्याही कडू. ताणाच्या दिवसांत जी फळं बोटाएवढी होती, ती सगळी बिघडली होती. साधारण बाराव्या दिवसानंतरची फळं पुन्हा गोड निघाली. वेल पुन्हा टवटवीत दिसला म्हणजे फळं सुधारली असं नसतं, हे त्या वर्षी पक्कं कळलं.

तेव्हापासून मी ठिबक बसवलंय. ठिबकचं सामान मिळण्यात नाशिकचा हात कुणी धरणार नाही. बारीक नळी, ड्रिपर, जोड, सगळं सुटं मिळतं. ताशी दोन लिटरचे दोन ड्रिपर एका कुंडीला लावा. सकाळ-संध्याकाळ अर्धा-अर्धा तास चालवलं की दिवसाला चार लिटर होतात. नळाला वेळ लावायचं घड्याळ जोडलं की गावाला जायची चिंता मिटते. टाकीत पाणी आहे ना, आणि ड्रिपर क्षाराने बुजले नाहीत ना, एवढं आठवड्याला बघा.

ठिबक नको असेल तर मडकं पुरा. कुंभाराकडचं, रंग न दिलेलं, दोन-तीन लिटरचं मडकं मोठ्या बॅगेत किंवा वाफ्यात गळ्यापर्यंत पुरायचं, पाण्याने भरायचं आणि वर झाकण ठेवायचं. माती सुकेल तसं पाणी पाझरत राहतं. हंगामाच्या शेवटी मडकं उकरलं तर पांढऱ्या मुळांची जाळी त्याला लपेटलेली दिसते. उलट्या टांगलेल्या बाटल्यांवर मात्र भिस्त ठेवू नका. त्या एकतर दोन तासांत रिकाम्या होतात, नाहीतर बुजून बसतात.

पावसाळ्यात याच्या उलट बघायचं. कुंडीखालच्या ताटल्या काढून टाका आणि कुंडी दोन विटांवर ठेवा. ऑगस्टमध्ये पावसाने आठवडाभर दडी मारली की लोक पाणी द्यायचं विसरतात, कारण मनात अजून पावसाळाच चालू असतो. माझ्याकडे आलेल्या पावसाळी कडू काकड्यांची कहाणी बहुतेक वेळा हीच होती.

## टप्पा ७: खत

उपाशी वेल कडू फळ देऊ शकतो आणि नुसत्या नत्रावर माजलेलाही. दर पंधरा दिवसांनी दोन मुठी गांडूळखत मातीत मिसळून वर आच्छादन सारखं करा. पानं फिकट वाटली तर १९:१९:१९ (नत्र, स्फुरद आणि पालाश सारख्या प्रमाणात असलेलं विरघळणारं खत) लिटरला एक ग्रॅम, ओल्या मातीत, आठवड्यातून एकदा. फळं लागल्यावर पालाश जास्त असलेलं खत द्या.

बागेसाठी आणलेला युरिया घरात असतो, म्हणून चमचाभर काकडीलाही टाकला जातो. पानं गर्द हिरवी, हाताएवढी होतात आणि फळं कमी लागतात. युरिया नकोच.

सावधान: कोरड्या मातीत कुठलंही विरघळणारं खत देऊ नका. आधी पाणी, मग खत.

## टप्पा ८: रोग आणि किडी

आजारी वेलावर ताण येतो, म्हणून हे इथे. भुरी (पानांवर पांढरी भुकटी आणणारा रोग) आणि डाउनी (पानांवर पिवळे डाग पाडणारा रोग) ही नावं नाशिकात लहान मुलालाही माहीत असतात. द्राक्षावरची भुरी आणि काकडीवरची भुरी यांच्या बुरशी मात्र वेगवेगळ्या आहेत, एकीकडून दुसरीकडे जात नाहीत. डाउनीचंही तेच. गोंधळ होतो तो औषधात. बागेचं गंधक घरात असतं आणि तेच काकडीवर मारलं जातं. काकडीवर्गीय वेलांना गंधक सोसत नाही. उन्हाच्या दिवसांत तर पानं करपून कागदासारखी होतात. एका फवारणीत हंगाम जातो.

भुरीची पानं दिसताच खुडून लांब टाका, गर्दी विरळ करा, पाणी पानांवर न देता मुळाशी द्या. लाल भुंगे सकाळी सुस्त असतात. तेव्हा हाताने वेचून साबणाच्या पाण्यात टाका. याच भुंग्यांना काकडीतलं कडू द्रव्य आवडतं. माव्यासाठी निंबोळी अर्क संध्याकाळीच फवारा. सकाळी फुलांवर मधमाश्या असतात. पानं बारीक, चट्ट्यापट्ट्यांची, सुरकुतलेली झाली तर तो विषाणू आहे. त्यावर औषध नाही, वेल काढून टाका.

## टप्पा ९: तोडणी

फूल उमलल्यापासून आठ ते बारा दिवसांत काकडी तोडायला येते. वाणाप्रमाणे वीतभर लांब, रंग एकसारखा आणि बोटाने दाबली की कडक. एप्रिलमध्ये एका रात्रीत ती बोटभर वाढते, म्हणून एक दिवसाआड मांडवाखाली वाकून, पानं उचलून बघा. लपलेली एखादी राहतेच. ती पिवळी पडली की आतून बियाळ आणि आंबट होते, आणि वेलाची सगळी ताकद तिच्याकडे जाते, मागची फळं खुरटतात.

सकाळी तोडा. कात्रीने, देठाचा थोडा भाग ठेवून कापा. ओढून तोडलं की वेल हिसकला जातो.

वाकडी, मध्येच बारीक झालेली फळं बहुतेकदा अर्धवट परागीभवनाने किंवा पाणी कमी पडल्याने होतात. पहिल्या कारणाची गोड असते, दुसऱ्याची कडू निघू शकते. आकारावरून ठरवू नका, चाखा.

## टप्पा १०: चव बघणं आणि कडू निघाली तर

काकडी थेट कोशिंबिरीच्या पातेल्यात चोचवू नका. एक कडू काकडी सगळं दही, दाण्याचं कूट आणि फोडणी वाया घालवते.

आधी देठाकडचा इंचभर तुकडा कापून टाका. त्याच्या पुढची पातळ चकती चाखा. गोड असेल तर पुढचं गोडच. किंचित कडसर असेल तर अजून इंचभर कापा, साल जाड काढा, पुन्हा चाखा. साल फुलाच्या टोकाकडून देठाकडे काढा आणि दर काकडीला सुरी धुवा, नाहीतर कडू रस सगळीकडे फिरतो.

टोक कापून घासायची आपली जुनी रीत आहे. त्याने कापाजवळचा चिकट रस फेसाबरोबर निघतो, म्हणून टोकापाशी थोडा फरक वाटतो. गरातला कडूपणा तिथेच राहतो. मीठ आणि साखर जिभेला फसवतात, द्रव्य काढत नाहीत. शिजवूनही ते जात नाही.

सावधान: जीभ आक्रसेल इतकी कडू काकडी, दुधी किंवा दोडका थुंकून टाका. थालीपिठात किंवा रसात घालून संपवू नका. क्युकरबिटासिन जास्त पोटात गेलं तर पोटदुखी, उलट्या, जुलाब होतात. कडू दुधीच्या रसाने माणसं दगावल्यावर भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या समितीने कडू दुधीचा रस पिऊ नये असं बजावलं होतं. कडू काही खाऊन उलट्या सुरू झाल्या तर घरी वाट न बघता दवाखान्यात जा.

मग वेलाकडे या आणि कारण शोधा:

एकाच आठवड्यातली फळं कडू, आधीची गोड: मागच्या दहा-बारा दिवसांत पाणी कधी तुटलं ते आठवा. वेल ठेवा, पाणी सारखं करा, बोटाएवढी असलेली सगळी फळं खुडून टाका. पुढची सुधारतील.

फेब्रुवारीच्या लागवडीतली पहिली दोन-तीनच कडू: गार रात्रींचा परिणाम असू शकतो. थांबा.

एका वेलाची सगळी कडू, शेजारच्या वेलाची त्याच पाण्यावर गोड: दोष बियात आहे. वेल उपटा, त्याचं बी ठेवू नका.

सगळ्या वेलांची, सगळी फळं कडू: कुंडीचा आकार, मातीची फट आणि आच्छादन, याच क्रमाने तपासा. तिथे काही सापडलं नाही तर बी बदला.

## टप्पा ११: बी धरणार असाल तर

संकरित वाणाचं बी धरू नका. सरळ, म्हणजे संकरित नसलेला वाण असेल आणि एखाद्या वेलाने हंगामभर गोड फळं दिली असतील, तर त्याच वेलाचं फूल निवडा. संध्याकाळी, उद्या उमलणारं एक नर आणि एक मादी फूल दोऱ्याने हलकं बांधा. मादी फुलामागे इवलीशी काकडी असते, त्यावरून ओळखा. सकाळी नर फुलाचा पराग मादी फुलाला लावून ते पुन्हा बांधा, म्हणजे शेजारच्या वाणाचा पराग घेऊन मधमाशी आत शिरणार नाही. देठाला लाल धागा बांधून ठेवा आणि घरातल्या सगळ्यांना सांगून ठेवा, ही तोडायची नाही. हे काम हंगामाच्या शेवटी करा, कारण पिकणारं फळ वेल थकवतं.

काकडी पिवळी-तपकिरी होऊन मऊ पडली की तोडा आणि आठवडाभर घरात ठेवा. गरासकट बी वाटीत काढून दोन दिवस आंबू द्या, धुवा, तरंगणारं फेका. तळाला बसलेलं बी ताटलीत सावलीत सुकवा. वाकवल्यावर न वाकता कट्‌कन मोडलं की सुकलं. कागदी पाकिटात भरा, वर वाणाचं नाव, वर्ष आणि चव लिहा, आणि पाकीट डब्यात ठेवून डबा फेब्रुवारीपर्यंत गार जागी ठेवा.